इसार दिला म्हणजे होकार मिळाला काय?



लग्न ठरलें कीं लग्नघरांत एक वही उघडली जाते. पहिल्या पानावर मुहूर्त, दुसऱ्यावर पाहुण्यांचीं नांवें आणि तिसऱ्यावर ज्यांना ज्यांना इसार दिला त्यांची यादी : बिछायतवाला, आचारी, वाजंत्री, घोडीवाला, फुलवाला, फोटोवाला. नांवापुढें रक्कम मांडून खूण केली म्हणजे तें काम पुरें झालें असें घरच्यांस वाटूं लागतें. पुढें मुहूर्त तीन आठवड्यांवर येतो, आणि यादींतील एखादा गृहस्थ भ्रमणध्वनि उचलीनासा होतो. निरोप त्याला पोंचतो, पण उत्तर येत नाहीं. त्या दिवसापासून मुलीच्या आईबापांची झोंप उडते. या अबोल्यावर उपाय काय, एवढाच माझ्या आजच्या भाषणाचा विषय आहे.

उमरेडसारख्या तालुक्याच्या गांवीं मास्तरकी करण्यांत माझें आयुष्य गेलें. माझ्या हाताखालून गेलेल्या मुलांपैकीं कोणी आज बिछायत केंद्र चालवितो, कोणी भट्टीपाशीं उभा असतो, आणि कित्येक स्वतः वधूपिते झाले आहेत. त्यामुळें या तक्रारीच्या दोन्ही बाजू माझ्या कानीं येतात.

पूर्वींच्या खेड्यांत हा प्रश्न या स्वरूपांत नव्हता. त्रिंबक नारायण आत्रे यांनीं १९१५ सालीं प्रसिद्ध केलेल्या 'गांव-गाडा' या ग्रंथांत ज्या बलुतेदारीचें वर्णन आहे, तिच्यांत कार्यप्रसंगीं कोणीं काय करावें हें ठरलेलें असे. कुंभारानें मडकीं आणावीं, गुरवानें पत्रावळी पुरवाव्या, न्हाव्यानें आमंत्रणास हिंडावें. त्याचा मोबदला सुगीच्या वेळीं खळ्यावर मिळे. त्या व्यवस्थेंत जातीचें जोखड होतें, आणि तें मोडलें हें योग्यच झालें. परंतु त्याचा अर्थ आपण नीट ध्यानांत घेतला नाहीं. आज आपल्या दारीं मंडप घालणारा मनुष्य कोणाचा आश्रित नाहीं. तो स्वतंत्र व्यावसायिक आहे. त्याला आपल्याशीं बांधणारी वस्तु एकच, आणि ती म्हणजे त्याचा शब्द. इसार ही त्या शब्दाची खूण आहे, शब्द नव्हे. वाजंत्र्याला 'सुपारी' देण्याची भाषा अद्याप चालते. सुपारी हातावर ठेवतांना दिवस, वेळ आणि बिदागी चार माणसांदेखत बोलून होई. आज पैसे क्षणांत पोंचतात, पण तें बोलणें मात्र गळून पडलें आहे.

मग हीं माणसें गप्प कां बसतात? सगळीच लबाड असतात असें मुळींच नाहीं. तुळशीचें लग्न लागलें कीं लग्नसराई सुरू होते, आणि अक्षय्य तृतीयेसारख्या दिवशीं तर एकाच गांवांत अनेक मांडव पडतात. चांगला आचारी मात्र एखादाच असतो. तो दोन ठिकाणचा इसार घेतो आणि दोन्ही कार्यें कशींबशीं निभतील या आशेवर राहतो. बिछायतवाल्याचे बांबू व कनाती आदल्या लग्नांत अडकलेल्या असतात. मांडव बांधणारीं पोरें ऐनवेळीं दुसरीकडे जातात. खोटें बोलायला जीभ रेटत नाहीं आणि खरें सांगायला धीर होत नाहीं, म्हणून मनुष्य मौन धरतो. दुसरें कारण आपल्याकडेच आहे. काका एक सांगतात, मामा दुसरें सांगतात, नवरदेवाचा मित्र रात्रीं अकराला तिसरेंच सांगतो. शिवाय गेल्या हंगामांत कोणीं तरी राहिलेले पैसे बुडविलेले असतात, त्याची धास्ती असतेच.

म्हणून पहिला नियम असा कीं, लग्नघरांतून एकाच जबाबदार माणसानें बोलावें. दुसरा, इसार देतेवेळींच साधा कागद करावा. त्यांत तारीख, हजर होण्याची वेळ, जागा, कामाचा तपशील, एकूण रक्कम, दिलेला इसार आणि न आल्यास काय, एवढें असावें व खालीं दोघांच्या सह्या असाव्या. सर्व रक्कम आगाऊ देऊं नये. कांहीं इसार, कांहीं सामान दारीं उतरल्यावर आणि उरलेली काम संपतांच, त्याच दिवशीं, मागावयास न लावतां द्यावी. आपण वेळेवर पैसे देतों ही कीर्ति एखाद्या करारनाम्याहून कमी मोलाची नाहीं.

तिसरी गोष्ट प्रश्न विचारण्याची. "येतां ना?" या प्रश्नाला "हो, हो" हें उत्तर ठरलेलें आहे, त्यावर विश्वास टाकूं नये. ज्याचें उत्तर विचार केल्यावांचून देतांच येणार नाहीं, असा प्रश्न विचारावा. आचाऱ्याला म्हणावें, किराण्याची यादी द्या; भट्टी कुठें मांडूं, पाण्याच्या टाक्या किती ठेवूं, हाताखालीं किती माणसें आणणार? ज्यानें काम खरोखर मनावर घेतलें आहे तो उभ्या उभ्या सांगतो. आमच्या ओळखीच्या एका घरीं आचाऱ्यानें चार वेळां "येतों" म्हटलें, पण पंधरा दिवस मागूनही यादी दिली नाहीं. वधूपित्यानें काय तें ओळखलें आणि आठ दिवस आधीं शेजारच्या गांवचा आचारी ठरविला. नंतर कळलें कीं पहिल्यानें त्याच दिवसाचें दुसरें कार्यही पत्करलें होतें.

उत्तरच येत नसेल तर सकाळीं लवकर त्याच्या गोदामावर किंवा घरीं समक्ष जावें. कंत्राटदार नागपूरचा असला तरी हा एक फेरा चुकवूं नये. तेथें भांडूं नये. "आपली अडचण असेल तर आजच सांगा, आम्ही राग धरणार नाहीं," असें म्हटलें म्हणजे पुष्कळदां खरें बाहेर येतें. आठ दिवस आधीं सांगितलेला नकार हाही एक उपकारच होय.

एवढ्यानेंही भागलें नाहीं तर लेखी निरोप धाडावा : "अमुक तारखेच्या कार्याचा इसार आपण घेतला आहे. परवां सायंकाळीं सहा वाजेपर्यंत आपण येणार किंवा कसें तें लेखी कळवावें. न कळविल्यास आपण येत नाहीं असें समजून आम्ही दुसरी व्यवस्था करूं, आणि इसार व त्यापायीं पडलेला जादा खर्च आपणांकडून मागूं." आपल्याकडे मौन ही संमति मानतात; या निरोपानें तें मौन नकारांत जमा होतें. भ्रमणध्वनीवर पाठविलेला निरोपही जपून ठेवावा, तो पुरावा असतो.

कायदा अशा वेळीं आपल्या बाजूस उभा राहतो. १८७२ च्या भारतीय करार कायद्याच्या कलम ७३ प्रमाणें करार मोडल्यामुळें साहजिकपणें झालेल्या नुकसानीची भरपाई मागतां येते. मात्र नुकसान कमी करण्याचे जे उपाय हातीं होते तेही त्यांत विचारांत घेतले जातात. म्हणजे वेळींच दुसरा मनुष्य पाहणें हें शहाणपणाचें आहे आणि कायद्यालाही धरून आहे. २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यानुसार सेवेंतील उणिवेबद्दल जिल्हा आयोगाकडे दोन वर्षांच्या आंत तक्रार करतां येते, आणि तीही आपण राहतों त्या जिल्ह्यांत. व्यवहार ५ लाख रुपयांपर्यंतचा असल्यास तक्रारीला शुल्क नाहीं. राष्ट्रीय ग्राहक साहाय्यवाणीचा क्रमांक १९१५ आहे. पण हें सारें लग्नानंतरचें. आयोग पैसे परत देववील, पंगत वाढणार नाहीं.

यासाठीं शेवटची गोष्ट अधिक महत्त्वाची. यादींतील सर्व कामें सारख्या मोलाचीं नसतात. वैशाखांत आमच्या नागपूर जिल्ह्यांत पारा ४५ अंशांच्या घरांत जातो. अशा उन्हांत सावली, पाणी आणि अन्न या तीन गोष्टींसाठीं प्रत्येकी दुसरें नांव आधींच हेरून ठेवावें. गांवांतील महिला बचतगट कित्येक ठिकाणीं स्वयंपाकाचीं कामें घेतात. जवळचा लहान बिछायतवाला मोठ्याच्या तोडीचा थाट न करो, पण सावली देतो. घोडी आली नाहीं, रोषणाई उणी पडली, तर पाहुणे संध्याकाळपर्यंत विसरतात. पाण्यावांचून म्हातारें मनुष्य घेरी येऊन पडलें तर तें कोणी विसरत नाहीं.

आणि मुलीकडे लक्ष असूं द्यावें. वडील दिवसभर भ्रमणध्वनि कानाला लावून अंगणांत येरझारा घालीत आहेत, हें ती खिडकींतून पाहत असते. आपल्या लग्नापायीं घर कोणाच्या तरी पायां पडत आहे, ही समजूत घेऊन तिनें माहेर सोडूं नये. कागद वेळेवर करा, प्रश्न नेमका विचारा, मुदत द्या, आणि मुदत टळली कीं शांतपणें दुसरें दार ठोठवा. म्हणजे तिच्या माहेरचे ते अखेरचे चार दिवस तिच्याशीं बोलण्यांत जातील.