टिपणारा आणि कापणारा

चित्रपटाच्या आरंभीं पडद्यावर नामावली येते, तेव्हां आपण बहुधा अंधारांत आपली खुर्ची शोधीत असतों. त्या नामावलींत छायालेखक आणि संकलक अशीं दोन नांवें असतात. एकानें टिपावें, दुसऱ्यानें कापून जोडावें. पण हीं दोन्हीं कामें एकाच हातीं आलीं तर काय होतें, हें पाहावयाचें असेल, तर दादासाहेब फाळक्यांच्या एका कुंडीकडे वळलें पाहिजे.

विम्याची पॉलिसी गहाण टाकून १९१२ सालीं ते विलायतेस जाऊन आले. तेथें घेतलेला विल्यमसन कॅमेरा हातीं आला. परंतु पैसेवाल्यांचा विश्वास बसेना. तेव्हां त्यांनीं कुंडींत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा रोंवला, आणि महिनाभर रोज थोडें थोडें चित्रण केलें. पडद्यावर तोच वाटाणा पाहतां पाहतां अंकुरला, वेल झाला! ‘अंकुराची वाढ’ तें हेंच. यांत मौज अशी कीं, कोणता क्षण ठेवावयाचा आणि कोणता गाळावयाचा, हा संकलकाचा निर्णय दांडा फिरविणाऱ्या हातानेंच आधीं घेतला होता. आणि कर्ज मिळालें.

फिल्मच्या एका फुटांत १६ चित्रें मावतात, आणि त्या काळीं सेकंदाला साधारण तितकींच टिपलीं जात. म्हणजे सेकंदागणिक एक फूट खर्ची पडे. कोऱ्या फिल्मला कडेचीं भोंकें नसत. तीं सरस्वतीबाई रात्रीं अंधारांत पाडीत. अशी फिल्म वायां घालविण्यास कोणाचें मन धजेल?

‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजीं मुंबईच्या कॉरोनेशनमध्यें लागला. लांबी सुमारें ३,७०० फूट. तेथें कॅमेऱ्यामागें त्र्यंबक तेलंग होते, मात्र त्यांस तयार केलें फाळक्यांनींच. कात्री त्यांनीं स्वतःकडे ठेविली. हें योग्यच झालें, असें मला वाटतें. मीं वर्षानुवर्षें निबंध तपासले आहेत. आपण लिहिलेली ओळ आपणच खोडणें मुलांस फार जड जातें. भर उन्हांत टिपलेलें दृश्य टिपणाऱ्यानेंच कापावयाचें म्हणजे तीच गत. अमेरिकेंतील स्टीव्हन सोडरबर्ग हे गृहस्थ दोन्हीं कामें करतात, पण छायालेखनाला पीटर अँड्र्यूज आणि संकलनाला मेरी अॅन बर्नार्ड अशीं आईबापांच्या नांवांवरून घेतलेलीं टोपणनांवें लावतात. निदान नांवानें तरी दोघे निराळे राहिले!

फाळक्यांचें खरें भांडवल त्यांचे डोळे होते. या धंद्याच्या वेडांत सतत चित्रें पाहून पूर्वीं त्यांची दृष्टि कांहीं काळ गेलीहि होती. उपचारांनीं आणि चष्म्यांनीं ती परत आली. तरीहि त्यांनीं डोळ्यांना विसांवा दिला नाहीं. १९१७ च्या ‘चित्रपट कसे तयार करतात’ या लघुपटाचा कांहीं भाग आजहि शिल्लक आहे. त्यांत फिल्मची पट्टी हातांत धरून ती निरखीत असलेले फाळके आपणांस दिसतात.