गोळी चालू, तपासणी बंद

(महिला कार्यकर्त्यांच्या आरोग्य शिबिरातील भाषण)



छातीत धडधडतं म्हणून बाई सांगते, तेव्हा घरचे म्हणतात, ‘फार काळजी करतेस.’ पण लहानपणीच्या ऱ्हुमॅटिक तापानं हृदयाची झडप खराब झालेल्या कितीतरी बाया आपल्या वस्त्यांत आहेत. त्यांच्यापैकी अनेकींचे ठोके पुढे अनियमित होतात. मग गोळी सुरू होते आणि सगळ्यांना वाटतं, झाले उपचार. खरं तर लक्ष ठेवायचं काम तिथून सुरू होतं.

डिगॉक्सिनचंच बघा. औषधी मात्रा आणि विषारी मात्रा यांत अंतर फार थोडं. हे औषध मूत्रपिंडावाटे बाहेर पडतं. मूत्रपिंड मंदावलं की अंगात साठतं. लघवीच्या गोळ्यांनी किंवा जुलाबानं पोटॅशियम घटलं तरी धोका वाढतो. भूक मरणं, मळमळ, पिवळसर दिसणं, नाडी मंदावणं या खुणा. पण सगळ्यांच्या शेवटी जेवणाऱ्या बाईची भूक मेली, हे घरात कोणाच्या लक्षात येणार?

बाईच्या शरीराचा विचार संशोधनातही उशिराच झाला. १९९७ साली प्रसिद्ध झालेल्या डिगॉक्सिनच्या अभ्यासात ६८०० रुग्ण होते. त्यांत बाया पाचांत एक. २००२ मध्ये बायांचे आकडे वेगळे मांडले, तेव्हा डिगॉक्सिन घेणाऱ्यांत ३३.१ टक्के मृत्यू दिसले, नुसती दिखाऊ गोळी घेणाऱ्यांत २८.९ टक्के. ते रुग्ण हृदय दुर्बल झालेले होते, ठोके बिघडलेले नव्हेत. म्हणून यावरून कोणी गोळी सोडू नये. मात्रा मात्र बेताची हवी आणि रक्ततपासणी नेमानं.

अमिओडॅरोनमध्ये आयोडीन असतं. त्यानं थायरॉईड, यकृत, फुप्फुसं बिघडू शकतात. थायरॉईड आणि यकृताची तपासणी आधी आणि मग दर सहा महिन्यांनी हवी. नवा खोकला, दम लागला तर लगेच दाखवावं. हे औषध डिगॉक्सिनबरोबर दिलं तर डिगॉक्सिनची मात्रा साधारण निम्मी करावी लागते. म्हणून दुसऱ्या डॉक्टरकडे जाताना सगळ्या गोळ्या बरोबर न्याव्यात. दिवस राहिले असतील, बाळ अंगावर पीत असेल, तर तेही सांगावं.

आपल्या गटांनी काय करायचं? प्रत्येकीची एक वही करू: औषध, मात्रा, शेवटच्या तपासणीची तारीख. पूर्ण मिनिटभर नाडी मोजायला शिकू. साठच्या खाली गेली तर पुढची गोळी घेण्याआधी डॉक्टरांना विचारू. चुकलेली गोळी दुप्पट करून घ्यायची नाही, आपल्या मनानं बंदही करायची नाही.

आणि तपासणीसाठी रोज बुडतो, भाडं पडतं, म्हणून बाई ती टाळते. तेव्हा गोळी मिळते तिथेच तपासणीही मोफत मिळाली पाहिजे, ही मागणी आपण लावून धरू.