दर्या कुणाच्या डोळ्यांनी?

समुद्र म्हटला की आपले कवी चंद्र काढतात, पेंटर गलबतं काढतात. जाळं ओढणारा माणूस गायब! म्हणून आज आन्येस वार्दाबद्दल बोलतो. फोटो, सिनेमा, पुढं मांडणशिल्प, सगळं करणारी बाई.

जन्म १९२८, बेल्जियम. लढाईत घर सुटलं. १९४० ला कुटुंब फ्रान्सच्या सेत बंदरात आलं, होडीवरच राहिलं. तो किनारा तिच्या डोक्यातनं गेलाच नाही. १९५४ ला तिनं तिथल्या कोळीवस्तीत ‘ला प्वाँत कुर्त’ शूट केला. मुख्य जोडपं नटांचं, बाकी तिथलीच माणसं. आरोग्यखात्याचे साहेब येतात: पाणी दूषित, शिंपल्या काढायच्या नाहीत. मग चूल कशावर पेटवायची? ते साहेब सांगत नाहीत. शेजारी एक प्रेमकथाही चालते. मला ती बोअर झाली, खरं सांगतो.

हीच बाई १९६८ ला कॅलिफोर्नियात, ओकलंडला ब्लॅक पँथरांच्या सभेत कॅमेरा घेऊन उभी. ह्यू न्यूटन तेव्हा तुरुंगात. चार वर्षांनी, १९७२ ला, मुंबईत आपल्या पोरांनी नाव घेतलं ते याच पँथरांचं.

नवरा जाक देमी १९९० ला गेला. पुढं तिनं नुआरमुतिए बेटावरच्या विधवांना बोलतं केलं. मधे समुद्रकिनारा, भोवती चौदा छोटे पडदे, समोर चौदा खुर्च्या. एका खुर्चीत एकाच बाईचं ऐकू येतं. दुसरीचं ऐकायचं तर उठावं लागतं. चौदांत ती स्वतःही आहे.

पण सेतला कॅमेरा तिच्याच हातात होता, हे मला खटकतं. तिथल्या कोळणीकडं तो असता तर तिनं आधी काय धरलं असतं? जाळं, की साहेबाची वही?