पहिल्या नोटिशीपासून जमीनधारकासोबत

आज विधी शाखेची पदवी स्वीकारणाऱ्या माझ्या तरुण मित्रमैत्रिणींनो,

तुमच्यातले अनेक जण शेतकरी घरांतून आले आहेत. उद्या तुम्ही काळा कोट घालून गावी जाल, तेव्हा लोक बहुधा सगळ्यात आधी जमिनीचेच कागद घेऊन तुमच्याकडे येतील. म्हणून आज भूसंपादनाविषयी बोलतो.

रस्ते, धरणे, रेल्वे हवीच आहेत आणि सार्वजनिक कामासाठी जमीन घेण्याचा सरकारचा अधिकार मला मान्य आहे. पण जमीनधारकाचा हक्क मोबदल्याच्या आकड्यापासून सुरू होत नाही. तो पहिल्या नोटिशीपासून सुरू होतो, आणि वकिलाने तिथेच त्याच्यासोबत उभे राहिले पाहिजे. मला आज सांगायचे आहे ते एवढेच.

१९२१ मध्ये सेनापती बापटांच्या नेतृत्वाखाली मुळशीचे शेतकरी टाटांच्या धरणाविरुद्ध सत्याग्रहाला उभे राहिले. त्या वेळी १८९४ चा भूसंपादन कायदा लागू होता. मोबदल्याविषयी तक्रार करायची सोय त्यात होती. मात्र ‘आमची जमीन घेऊच नका’ ही हरकत ऐकून घेण्याचे बंधन सरकारवर नव्हते. ते १९२३ च्या दुरुस्तीने कलम ५-अ मधून आले. पुढे १९८४ मध्ये नवी मुंबईच्या जमिनींसाठी दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखाली जासई परिसरात आंदोलन झाले. पाच जणांचे बळी गेले आणि त्या संघर्षातून भूमिपुत्रांना साडेबारा टक्के विकसित भूखंड देण्याची योजना आली. आज कायद्याच्या पुस्तकात दिसणाऱ्या तरतुदींमागे अशा माणसांची किंमत आहे.

१९७८ च्या ४४ व्या घटनादुरुस्तीने मालमत्तेचा मूलभूत हक्क गेला, तरी अनुच्छेद ३००-अ उरला: कायद्याच्या आधाराशिवाय कोणाचीही मालमत्ता काढून घेता येत नाही. हिमाचल प्रदेशातल्या एका निरक्षर विधवेची जमीन १९६७-६८ मध्ये संपादनाची कोणतीही प्रक्रिया न करता रस्त्यासाठी घेतली गेली. इतकी वर्षे ताबा आमच्याकडेच आहे, असा बचाव सरकारने केला. सर्वोच्च न्यायालयाने तो फेटाळून २०२० मध्ये तिला मोबदला देण्याचा आदेश दिला. पुढे २०२४ मध्ये कोलकाता महापालिकेच्या प्रकरणात याच न्यायालयाने ३००-अ मध्ये सामावलेले सात पैलू स्पष्ट केले: नोटीस, म्हणणे ऐकून घेणे, कारणांसह निर्णय, सार्वजनिक हेतू, रास्त मोबदला, वेळेत कार्यवाही आणि प्रक्रियेची रीतसर पूर्तता. यांत मोबदला हा सातांपैकी एकच आहे, हे ध्यानात ठेवा.

१ जानेवारी २०१४ पासून लागू झालेल्या नव्या भूसंपादन कायद्याने हे हक्क बरेच पक्के केले. प्राथमिक अधिसूचनेनंतर ६० दिवसांत हरकत घेता येते. खासगी कंपनीसाठी जमीन घ्यायची तर ८० टक्के बाधित कुटुंबांची आणि सार्वजनिक-खासगी भागीदारीसाठी ७० टक्क्यांची संमती लागते. बाजारमूल्याच्या आधारे ठरणाऱ्या मोबदल्यावर शंभर टक्के दिलासा रक्कम मिळते. ज्यांची उपजीविका त्या जमिनीवर किमान तीन वर्षे अवलंबून होती, अशी भूमिहीन मजूर कुटुंबेही ‘बाधित’ ठरतात. मात्र महाराष्ट्राने २०१८ मध्ये दुरुस्ती करून काही प्रकारच्या प्रकल्पांना सामाजिक परिणाम मूल्यांकनातून सूट देण्याची वाट मोकळी केली. त्यामुळे गावाचे म्हणणे मांडायची एक मोठी जागा कमी झाली, याची मला चिंता वाटते.

आता बांधावर चला. संयुक्त मोजणीच्या दिवशी भूमी अभिलेख खात्याची आणि महसूलची माणसे येतात. विहीर, पाइपलाइन, आंब्याची झाडे, गोठा यांतले जे काही त्या दिवशी कागदावर चढत नाही, ते मोबदल्यात धरून घ्यायला पुढे वर्षानुवर्षे झगडावे लागते. नेमका त्याच दिवशी मालक बाहेरगावी असतो. सातबाऱ्यावर अजून वारलेल्या आजोबांचेच नाव असते, वारसनोंद झालेली नसते आणि बहिणींची नावे कोणी लावलेली नसतात. मोजणीआधी वारसांचा फेरफार करून घ्या, झाडे मोजून फोटो काढा, पंचनाम्याची प्रत मागा. हे काम कोर्टात दिसत नाही, पण बहुतेक प्रकरणांचा निकाल इथेच लागतो.

पुढे निवाडा जाहीर होतो. पैसे उचलताना शेतकऱ्याने ‘हक्क राखून’ असे लिहिले नाही, तर नव्या कायद्याच्या कलम ६४ खाली वाढीव मोबदला मागण्याची वाट त्याच्यापुरती बंद होते. निवाड्याच्या वेळी तो हजर असेल तर या अर्जाला सहाच आठवडे मिळतात. दोन शब्द आणि एक तारीख यांवर कुटुंबाचे पुढचे आयुष्य ठरते. ते शब्द त्याला वेळेवर सांगणारा कोणीतरी हवा.

वाढीव मोबदल्यात टक्केवारी ठरवून वकीलपत्र घेऊ नका. बार कौन्सिलच्या नियमांत ते बसत नाही, आणि माणुसकीतही बसत नाही. तुमच्यातले काही जण उद्या सरकारी वकील किंवा भूसंपादन अधिकारी होतील. त्यांनी हरकतीवर नुसते ‘फेटाळली’ असे लिहू नये, का फेटाळली ते लिहावे. कारणे वाचायला मिळालेला शेतकरी निर्णयाशी असहमत राहील, पण आपल्याला कोणी विचारलेच नाही असे त्याला म्हणता येणार नाही. प्रकल्पही अशानेच कोर्टकचेऱ्यांत कमी अडकतात.

माझी तुमच्याकडे एकच मागणी आहे. वकिली कुठेही करा, पण आपल्या तालुक्यात भूसंपादनाची अधिसूचना निघाली की पहिल्या आठवड्यात त्या गावच्या ग्रामसभेत जा. हरकतीची शेवटची तारीख, मोजणीचा दिवस आणि मोबदल्याचा हिशेब लोकांना मराठीत समजावून सांगा. त्यासाठी फी घेऊ नका. मुळशीच्या शेतकऱ्यांना जे कायद्याने दिले नव्हते, ते तुमच्या गावाला मिळालेले आहे. ते वापरले जाईल, हे पाहणे आजपासून तुमचे काम आहे.