हंगामी हातांना बारमाही काम

(सातारा-सांगलीचे पर्यटन आणि मनुष्यबळ या विषयावरील व्याख्यान)



क्षेत्र महाबळेश्वरी उगम पावणारी कृष्णामाई वाई, कऱ्हाड, औदुंबर अशी तीर्थे जोडीत सांगलीच्या घाटाला लागते. सातारा आणि सांगली हे आज दोन जिल्हे असले, तरी १९४९ साली सांगलीचा जिल्हा प्रथम आकाराला आला तेव्हा त्याचे नाव ‘दक्षिण सातारा’ असेच होते. १९६० साली तो ‘सांगली’ झाला. नदी एक, बोली एक आणि प्रश्नही पुष्कळसे एकच. त्यांपैकी एका प्रश्नाचा येथे विचार करावयाचा आहे. या परिसरात पाहुणे वाढत आहेत. त्यांचे स्वागत करणारी, त्यांना सांभाळणारी माणसे कोठून यावयाची?

पाहुणे वाढण्यास कारणेही तशीच आहेत. २०१२ साली युनेस्कोने पश्चिम घाटातील ३९ स्थळांना जागतिक वारशाचा मान दिला. त्यांत महाराष्ट्रातील चार स्थळे होती. कासचे पठार व कोयना अभयारण्य साताऱ्याचे. चांदोलीचे राष्ट्रीय उद्यान सांगलीच्या सीमेत मोडणारे. ११ जुलै २०२५ रोजी मराठा लष्करी भूप्रदेशातील बारा दुर्ग त्याच यादीत गेले आणि प्रतापगड जगाच्या नकाशावर आला. राज्य शासनाच्या २०२४ च्या पर्यटन धोरणाने दहा वर्षांत एक लाख कोटी रुपयांची गुंतवणूक व अठरा लाख रोजगार हे लक्ष्य ठेवले आहे. गुंतवणुकीचा आकडा भांडवलदार पुरा करतील. अठरा लाख रोजगार मात्र माणसांनीच भरावयाचे आहेत, आणि ती माणसे घडविण्याची व्यवस्था कोठे आहे, हा खरा प्रश्न आहे.

हंगामाचे दुष्टचक्र

कारखान्यातील माल यंत्रातून बाहेर पडतो. तो करणारा कामगार ग्राहकाला दिसत नाही. पर्यटनात असे नसते. गाडीचा चालक, खोली आवरणारी बाई, खानसामा, नाव वल्हविणारा, घोडेवाला, वाटाड्या, यांच्या वागण्यावरूनच पाहुणा त्या गावाची परीक्षा करतो. म्हणजे या व्यवसायात माणूस हाच माल आहे. तरीही या माणसाला व्यवसायाने कायम हंगामी ठेवले आहे.

महाबळेश्वर-पाचगणीचा उन्हाळी हंगाम मृगाच्या पावसाबरोबर संपतो. दिवाळी व नाताळात तो पुन्हा काही दिवस डोके वर काढतो. हंगाम सुरू होताना माणसे गोळा करावयाची आणि संपताच त्यांचा हिशेब करावयाचा, ही रूढ रीत. मालक म्हणतो, आज शिकविलेला मुलगा पुढच्या वर्षी येईलच असे नाही, मग त्याच्या शिक्षणावर खर्च कशाला करू? मुलगा म्हणतो, पावसाळ्यात काढूनच टाकणार, मग हे काम जीव लावून कशाला शिकू? दोघांचेही म्हणणे आपापल्या परीने खरे आहे, आणि दोघांच्या खरेपणातूनच व्यवसायाचे नुकसान होत आहे.

परिणाम समोर आहेच. जावळी-पाटणचा तरुण पुण्या-मुंबईची वाट धरतो आणि त्याच्याच डोंगरावरील उपाहारगृहात परप्रांतातून आणलेला आचारी स्वयंपाक करतो. यात त्या आचाऱ्याचा दोष नाही. तोही घर सोडून पोटासाठीच आलेला आहे. दोष आहे तो व्यवस्थेचा. भविष्यनिर्वाह निधी नाही, रजेचा नियम नाही, राहावयाला मुदपाकखान्यामागची कोंदट खोली, आणि ‘हॉटेलात काम करतो’ म्हटल्यावर लग्नाच्या बोलणीत नाक मुरडणारा समाज. एवढे असूनही स्थानिक मुले या धंद्याकडे का वळत नाहीत, असा प्रश्न विचारण्यात अर्थ नाही.

२०२० च्या महामारीने या दुखण्यावरची खपली काढली. त्या एका वर्षात जगभरच्या प्रवास-पर्यटन क्षेत्रातील सहा कोटींहून अधिक रोजगार गेल्याचा जागतिक प्रवास व पर्यटन परिषदेचा अंदाज आहे. संकट आले की सर्वांत आधी हंगामी माणूस रस्त्यावर येतो, हे तेव्हा सर्वांनी पाहिले. ज्यांनी दुसरा मार्ग धरला, ते पर्यटन पूर्ववत झाल्यावरही सगळेच परतले नाहीत.

कामाचे बदललेले रूप

दरम्यान कामाचे स्वरूपही पालटले. खोलीची नोंदणी भ्रमणध्वनीवर होते, आणि पाहुणा घरी पोहोचण्याआधी त्याचा अभिप्राय जगापुढे गेलेला असतो. घरगुती निवास आणि कृषी पर्यटन यांमुळे खेड्यातील गृहिणी एकाच वेळी व्यवस्थापक, हिशेबनीस आणि सुगरण झाली आहे. २०२० चे कृषी पर्यटन धोरण आणि महिला उद्योजकांसाठी २०२३ मध्ये आलेले ‘आई’ धोरण यांनी तिला कर्ज-सवलतींची वाट दाखविली. परंतु दरपत्रक कसे लावावे, तक्रार कशी हाताळावी, स्वच्छतेचा दर्जा रोज सारखा कसा राखावा, हे कर्जाबरोबर आपोआप येत नाही. ते शिकावे लागते आणि कोणी तरी शिकवावे लागते.

अशिक्षित गर्दी-व्यवस्थापनाची किंमत या भूमीने मोजलेली आहे. २५ जानेवारी २००५ रोजी वाईजवळच्या मांढरदेवीच्या यात्रेत जवळपास ३०० भाविकांचा बळी गेला. अरुंद वाट, नारळाच्या पाण्याने निसरड्या झालेल्या पायऱ्या, दुकानांची दाटी आणि आग, ही कारणे सर्वांना ठाऊक आहेत. गर्दी कोठे थोपवावी, परतीची वाट मोकळी कशी ठेवावी, हे जाणणारी माणसे जागोजागी असणे, ही यात्रेची चैन नव्हे. ती भाविकाच्या प्राणाची हमी आहे. शिखर शिंगणापूरची चैत्र यात्रा असो वा सज्जनगडावरील दासनवमी, हा धडा कोठेही विसरता येत नाही.

घरातीलच उदाहरणे

मार्ग दाखविणारी उदाहरणे दूर शोधावयास नकोत. कासच्या पठारावर फुलांच्या हंगामात दिवसाला ३००० पर्यटकांची मर्यादा घालण्यात आली. वनखात्याच्या बरोबरीने आसपासच्या गावांच्या संयुक्त वनव्यवस्थापन समित्या प्रवेशशुल्क, वाहनतळ व देखरेख पाहतात आणि त्या कामातून गावच्या तरुण-तरुणींना मजुरी मिळते. ज्या मुलाने लहानपणापासून गुरांमागे फिरताना तेरडा आणि टोपली कारवी पाहिली, तोच फुले तुडविणाऱ्याला अधिकाराने थांबवू शकतो. बाहेरून आणलेल्या पहारेकऱ्याला ती आत्मीयता कोठून यावी?

पाचगणीजवळचे भिलार ४ मे २०१७ रोजी ‘पुस्तकांचे गाव’ झाले. राज्य मराठी विकास संस्थेच्या या उपक्रमात प्रारंभी सुमारे २५ ठिकाणी, त्यांतही बव्हंशी गावकऱ्यांच्या राहत्या घरांत, ग्रंथ मांडले गेले. स्ट्रॉबेरी पिकविणारा शेतकरी वाचकांचा यजमान झाला. कोयनेच्या शिवसागरात ज्यांची शेते बुडाली, त्या तापोळा-बामणोलीच्या लोकांनी त्याच पाण्यावर नावा घातल्या आणि पर्यटकांना वासोट्याच्या पायथ्याशी नेण्याचा व्यवसाय उभा केला. तिन्ही ठिकाणी सूत्र एकच आहे: काम करणाऱ्याचा त्या स्थळाशी संबंध आहे, म्हणून तो टिकून आहे.

न वापरलेली संपत्ती

मनुष्यबळाची टंचाई आहे असे म्हणताना, हाताशी असलेल्या माणसांकडे दुर्लक्ष होत आहे. सातारा हा सैनिकांचा जिल्हा. ‘अपशिंगे मिलिटरी’ हे गावाचे नावच त्याची साक्ष देते. ऐन चाळिशीच्या आसपास निवृत्त होणाऱ्या जवानाला शिस्त, प्रथमोपचार, दोराचे काम, नकाशावाचन आणि हिंदी हे सर्व अवगत असते. गडवाटांवरील सुरक्षा व यात्रेतील नियोजन यांसाठी याहून तयार माणूस कोणता? आज त्याला बहुधा शहरातील इमारतीच्या दारावर उभे केले जाते.

सांगलीच्या विटा, खानापूर, आटपाडी भागातील गलाई बांधव सोने-चांदी गाळण्याच्या व्यवसायानिमित्त देशभर पसरले. त्यांची मुले तमिळनाडूत तमिळ, केरळात मल्याळम बोलत वाढली. प्रतापगडाबरोबर ज्या दुर्गांना जागतिक मान मिळाला, त्यांत तमिळनाडूतील जिंजीही आहे. जिंजी पाहिलेला तमिळ प्रवासी उद्या प्रतापगडी आला, तर त्याला त्याच्या भाषेत इतिहास सांगणारा वाटाड्या याच मातीत सापडेल. मिरजेत रुग्णालयांच्या परंपरेमुळे कर्नाटकातून येणाऱ्यांची रीघ असते; तेथील सामान्य माणूसही कानडी जाणतो. मिरजेच्या सतार व तंबोऱ्याला २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. भोपळ्याला नाद देणारा तो कारागीर शिकविण्यास तयार आहे, पण त्याच्याकडे जिज्ञासू पाहुणे आणणारा मध्यस्थ हवा.

माथाडीच्या मार्गाने

आता उपायाकडे वळू. एका उपाहारगृहाचा हंगाम चार महिन्यांचा असेल. परंतु दोन्ही जिल्ह्यांचे पंचांग एकत्र मांडले तर वर्ष भरते. पावसाळ्यात ठोसेघर व सडावाघापूर, भाद्रपद-आश्विनात कास, पावसानंतर वासोटा, चांदोली व सागरेश्वर, पौषात मांढरदेवी व पाली, माघात सज्जनगड, चैत्रात शिंगणापूर आणि मग महाबळेश्वर. काम बारमाही आहेच. हंगामी आहे तो मालक. म्हणून माणूस एका मालकाला न बांधता परिसराला बांधला पाहिजे.

हा विचार नवा वाटेल. पण त्याचे बीज याच मातीतले आहे. मुंबईच्या बाजारपेठांत पाठीवर ओझी वाहणारे हमाल मोठ्या संख्येने याच भागातून गेले होते. त्यांचाही मालक रोज बदलत असे. पाटण तालुक्यातून आलेल्या अण्णासाहेब पाटलांनी त्यांना संघटित केले आणि १९६९ साली माथाडी कायदा झाला. कामगाराची नोंद मंडळाकडे, मजुरी मंडळामार्फत, आणि मालकांनी भरलेल्या जादा रकमेतून भविष्यनिर्वाह निधी, उपदान, बोनस व रजा. मालक अनेक असले तरी कामगाराला सुरक्षितता एकच मिळाली.

पर्यटनसेवकांसाठी याच तत्त्वावर दोन्ही जिल्ह्यांची एक सहकारी संस्था उभी राहू शकते. तिने आचारी, चालक, वाटाडे, नावाडी यांची नोंद ठेवावी, त्यांचे प्रशिक्षण करावे, प्रमाणपत्र द्यावे आणि हंगामानुसार त्यांना एका ठिकाणाहून दुसरीकडे पाठवावे. प्रशिक्षणाचा खर्च सर्वांत वाटला गेला, म्हणजे ‘शिकवू मी आणि राबेल दुसऱ्याकडे’ ही मालकाची भीती उरत नाही; कारण दुसऱ्याने शिकविलेला माणूस त्याच्याकडेही येणारच असतो.

आक्षेप येतील, आणि ते ऐकून घेतले पाहिजेत. वाढीव वर्गणी परवडणार नाही, असे लहान व्यावसायिक म्हणेल. त्याला ती उलाढालीच्या प्रमाणात लावावी आणि घरगुती निवासांना प्रारंभी सूट द्यावी. माथाडीच्या नावाखाली उद्योगांकडून खंडणी उकळणाऱ्या टोळ्यांचा उपद्रव झाला, हेही नाकारता येत नाही. म्हणूनच येथे सक्तीच्या कायद्याऐवजी ऐच्छिक सहकार सुचविला आहे. संस्थेचा माणूस चांगला काम करीत असेल, तर मालक आपण होऊन येईल. नसेल, तर सक्तीने आणलेला मालक टिकणार नाही.

शासनाचे साहाय्य घ्यावेच. केंद्रीय पर्यटन मंत्रालयाची ‘हुनर से रोजगार तक’ ही योजना २००९-१० पासून अल्प मुदतीचे प्रशिक्षण देण्यासाठीच आली. परंतु प्रशिक्षणानंतरची नेमणूक आणि नेमणुकीनंतरची प्रतिष्ठा या गोष्टी समाजाने द्यावयाच्या असतात. अतिथीला देव मानण्याचा संस्कार आपण अभिमानाने सांगतो. त्या देवाची पूजा ज्याच्या हातून घडते, त्याला ताटाखालचे मांजर समजून चालणार नाही.

प्रारंभ लहान असू द्यावा. येत्या हंगामात एका तालुक्यातील दहा व्यावसायिकांनी एकत्र यावे, पन्नास तरुण-तरुणींची नोंद करावी आणि हंगाम संपल्यावर त्यांपैकी एकालाही रिकामे न बसविता पुढच्या ठिकाणी पाठवावे. वर्षअखेरीस त्या पन्नासांपैकी किती जण कामावर टिकले, एवढा एकच आकडा पाहावा. तो समाधानकारक असेल, तर शेजारच्या तालुक्याला निमंत्रण द्यावे लागणार नाही.