बदली झाली, पण हॉटेलचं बिल कोणाचं?



घरात कोणी सरकारी नोकरीत असलं, की बदलीचा हुकूम आणि बदली भत्ता ही जोडी आपण लहानपणापासून ऐकलेली असते. ट्रकमध्ये सामान चढायचं आणि मागाहून प्रवासभत्त्याचं बिल कचेरीत जायचं. त्यामुळे इथे अमेरिकेत कंपनीने ‘दुसऱ्या शहरात जा’ म्हटलं, की आपण धरूनच चालतो, राहण्याचा खर्च कंपनी देणार. हे धरून चालणं महागात पडतं. जुन्या घराचं भाडं चालूच, मुलांची शाळा तिथेच, आणि नव्या गावी हॉटेलचं बिल वेगळं.

पहिली गोष्ट म्हणजे, खाजगी कंपनीने बदलीनंतर राहण्याचा खर्च द्यावाच, असा सर्वांना लागू होणारा केंद्रीय कायदा इथे नाही. हक्क मिळतो तो कागदावरून. ऑफर लेटर, कंपनीचं रिलोकेशन धोरण, निदान एखादी ईमेल. ‘बघू, करून टाकू’ हे मॅनेजरचं तोंडी आश्वासन मॅनेजर बदलला की संपतं.

पण आपल्यापैकी जे एच-१बी व्हिसावर आहेत, त्यांच्यासाठी एक महत्त्वाचा अपवाद आहे. तुमच्या व्हिसामागे एलसीए नावाचा अर्ज असतो आणि त्यात कामाचं ठिकाण लिहिलेलं असतं. समजा, त्यात डॅलस आहे आणि कंपनीने तुम्हाला नवा एलसीए न काढता कोलंबसच्या क्लायंटकडे कामाला पाठवलं. असं वर्षाला कामाचे ३० दिवस चालतं. तुमचं घर डॅलसमध्ये आणि टेबल तिथल्या ऑफिसात कायम असेल, वर्षातला बराच काळ तुम्ही तिथेच काम करत असाल, तर ६० दिवस. या काळात पगार चालू ठेवून राहणं, प्रवास आणि जेवण यांचा प्रत्यक्ष खर्च कंपनीनेच द्यायचा, असा श्रम खात्याचा नियम आहे. मोजणी फक्त कामाच्या दिवसांची. खर्च मात्र शनिवार-रविवारचासुद्धा. परिषद किंवा प्रशिक्षणासाठीची फेरी यात धरत नाहीत.

त्याहून जास्त दिवस राहायचं असेल, तर नवा एलसीए हवा. २०१५ च्या सिमिओ निर्णयानंतर, जुन्या ठिकाणाच्या परिसराबाहेर जायचं तर सुधारित एच-१बी अर्जही भरावा लागतो. एकदा नवं ठिकाण कागदावर आलं, की राहण्याच्या खर्चाचा हा नियम लागू राहत नाही. पुन्हा सगळं कंपनीशी झालेल्या करारावर.

आता कराबद्दल. काम एक वर्ष किंवा त्याहून कमी काळाचं असेल आणि तुम्ही बिलं दाखवून नियमाप्रमाणे पैसे घेतले, तर त्यावर सहसा कर लागत नाही. कायमच्या बदलीत मात्र कंपनीने दिलेला राहण्याचा खर्च पगारात धरला जातो. सामान हलवण्याच्या खर्चाची सवलतही २०१८ पासून बंद आहे आणि २०२५ च्या कायद्याने ती कायमची गेली. लष्कर आणि गुप्तचर सेवेतल्या लोकांपुरती तेवढी राहिली. म्हणजे १०,००० डॉलर मंजूर झाले, तर साधारणपणे २२ टक्के केंद्रीय कर आणि ७.६५ टक्के सोशल सिक्युरिटी-मेडिकेअर कापून हातात ७,०३५ येतात. राज्याचा कर असेल तर आणखी कमी. हा कर कंपनी वरून भरते त्याला ‘ग्रॉस-अप’ म्हणतात. ते मिळणार का, हे आधीच विचारून घ्या.

तेव्हा बॅग भरण्याआधी एक ईमेल लिहा आणि चार प्रश्न विचारा. हे काम तात्पुरतं की कायमची बदली, आणि किती दिवसांचं? माझ्या एलसीएवर नवा पत्ता आहे का? राहण्याचा खर्च बिलाप्रमाणे की एकरकमी, आणि कर कोण भरणार? वर्षाच्या आत नोकरी सोडली तर पैसे परत द्यावे लागतील का?

उत्तर आलं की त्याची प्रत घरच्या ईमेलवर किंवा कागदावर ठेवा, हॉटेलच्या पावत्यांसकट. एच-१बीच्या नियमाप्रमाणे खर्च मिळाला नाही, तर श्रम खात्याच्या वेज अँड अवर विभागाकडे १२ महिन्यांच्या आत तक्रार करता येते. तक्रार केली म्हणून कंपनीला सूड उगवता येत नाही. तक्रारीआधी इमिग्रेशन वकिलाला एकदा विचारलेलं बरं.

विचारायला संकोच वाटतो, मला माहीत आहे. पण दोन घरांचं भाडं भरताना जो जीव टांगणीला लागतो, त्यापुढे हा संकोच काहीच नाही.