काचेतला प्रकाश कोठे हरवतो?

कुरखेड्यात संदेश पोचेनासा झाला की आपण जंगलाला आणि अंतराला बोल लावतो. प्रकाशतंतूच्या बाबतीत हा आरोप कितपत खरा, एवढेच आज पाहू.

१९६६ साली चार्ल्स काओ यांनी अपेक्षा धरली ती अशी : १ किलोमीटर काचेतून गेल्यावर प्रकाशाचा निदान शंभरावा भाग तरी उरावा. आजच्या उत्तम तंतूत तो शंभरावा भाग सुमारे १०० किलोमीटरनंतर उरतो. काचेने आपले काम चोख केले आहे.

मग घट होते कोठे? तंतू फार वाकला की वळणावर प्रकाश बाहेर निसटतो. केसाएवढ्या तंतूत प्रकाशाची वाट मिलिमीटरच्या जेमतेम शंभराव्या भागाएवढी रुंद. जोड किंचित सरकला, टोकाला धूळ राहिली, तरी ती अडते. एक वाईट जोड ५ किलोमीटर काचेइतका प्रकाश सहज खातो. कुदळीचा घाव तर सारेच संपवतो.

तेव्हा जोडणाऱ्या हाताला पुरते शिक्षण मिळावे, आणि रस्त्याकडेला खणण्यापूर्वी खाली काय पुरले आहे, हे आपण विचारावे. आपल्या मुलांचा अभ्यास आणि दवाखान्याचा निरोप त्याच काचेतून जायचा आहे.